पांढरें सोनें आणि कारंजा शहर

सोनें सांपडलें म्हणजे त्याच्याभोंवतीं शहर वाढतें, ही गोष्ट जगाच्या इतिहासांत अनेकदां घडलेली आहे. इ. स. १८५१ सालीं ऑस्ट्रेलियांतील व्हिक्टोरिया प्रांतांत बॅलरट आणि बेंडिगो या टापूंत सोनें निघालें, आणि त्या वार्तेसरशीं देशोदेशींच्या माणसांचे लोंढे मेलबर्नच्या बंदरावर उतरूं लागले. सोळा वर्षांपूर्वीं वसलेलें तें लहानसें गांव पुढील दहा वर्षांत चौपटीनें वाढलें. आयरिश आले, स्कॉच आले, जर्मन आले, अमेरिकन आले, आणि दक्षिण चीनमधील गरीब शेतकरीही आले. परंतु १८५५ सालीं तेथील सरकारनें जहाजानें येणाऱ्या प्रत्येक चिनी माणसावर दहा पौंडांचा कर बसविला. तो चुकविण्यासाठीं हजारों चिनी शेजारच्या प्रांतांतील रोब नांवाच्या बंदरावर उतरले, आणि तेथून शेंकडों मैल पायीं चालत खाणींपर्यंत गेले. सोन्यानें माणसांना एकत्र आणलें हें खरें. पण त्या सोन्यांत कोणाचा किती वांटा असावा, हें सोन्यानें ठरविलें नाहीं. तें ज्यांच्या हातीं कायदा होता त्यांनीं ठरविलें.

ही दूरदेशींची कथा आज आपणांस सांगण्याचें कारण असें कीं, तिच्यानंतर अवघ्या दहा वर्षांनीं आपल्या वऱ्हाडांतही एक सोनें निघालें. तें खाणींतून निघालें नाहीं. काळ्या जमिनींतून उगवलें. तें पिवळें नव्हतें, पांढरें होतें. त्या सोन्यासाठींही देशोदेशींचीं माणसें आलीं, शहरें वाढलीं, पेढ्या उघडल्या, कायदे झाले. आणि तेथेंही तोच प्रश्न उभा राहिला: या सोन्यांत कोणाचा किती वांटा? हा प्रश्न मी आज वाशीम जिल्ह्यांतील एका शहराच्या निमित्तानें आपल्यापुढें मांडणार आहें. तें शहर म्हणजे कारंजा, ज्यास आपण कारंजा लाड म्हणून ओळखतों.

प्रथम एक गैरसमज दूर केला पाहिजे. कापसानें कारंजा शहरास जन्म दिला, असें म्हणतां येणार नाहीं. हें शहर फार जुनें आहे. करंज ऋषींनीं येथें तप केलें, आणि देवीच्या कृपेनें निर्माण झालेल्या तलावांत स्नान करून ते रोगमुक्त झाले, अशी कथा येथील तळ्याविषयीं सांगतात. दत्तसंप्रदायांतील श्रीनृसिंह सरस्वती यांचें हें जन्मस्थान. जैनांच्या तीन निरनिराळ्या परंपरांचीं मंदिरें येथें आहेत, आणि त्यांच्या भांडारांत जपलेल्या हस्तलिखितांवरून डॉ. हिरालाल जैन यांनीं अपभ्रंश भाषेंतील कित्येक ग्रंथ उजेडांत आणले. राजस्थानांतून आलेले बघेरवाल जैन, ज्यांच्या नांवानें गांव ओळखलें जातें ते लाड, मराठी बोलणारे कुणबी-माळी, उर्दू बोलणारे मुसलमान कारागीर, हे सर्व इंग्रजांचें निशाण वऱ्हाडांत लागण्यापूर्वींच येथें शेजारी शेजारी राहत होते.

या गांवाची श्रीमंती केवढी होती याची साक्ष इतिहास देतो. १६७० च्या ऑक्टोबर महिन्यांत शिवाजी महाराजांनीं सुरत दुसऱ्यांदा लुटली, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस मराठ्यांची फौज वऱ्हाडांत शिरून थेट कारंज्यावर आली. उंची वस्त्रें, सोनें आणि चांदी मिळून सुमारें एक कोटीची लूट येथून गेली, असें इतिहासकार सांगतात. ज्या गांवावर सुरतेच्या पाठोपाठ स्वारी करावीशी वाटली, तें सामान्य खेडें खचितच नसलें पाहिजे. लोकांनीं हीच गोष्ट आपल्या पद्धतीनें सांगितली आहे. उंटांवर कस्तुरी लादून आलेल्या एका व्यापाऱ्यास एवढ्या मालाला गिऱ्हाईक मिळेना. तेव्हां येथील एका सावकारानें ती सारी विकत घेतली आणि आपल्या हवेलीच्या चुन्यांत कालवावयास लावली! 'कस्तुरीची हवेली' हें नांव अद्याप लोकांच्या तोंडीं आहे. दिल्ली वेस, पोहा वेस, मंगरूळ वेस आणि दारव्हा वेस या शहराच्या चार वेशींचीं नांवें उच्चारलीं, तरी या गांवाचा व्यवहार जवळ किती आणि दूर किती चालत असे, हें ध्यानीं येतें.

तेव्हां कारंजा शहर होतेंच. पांढऱ्या सोन्यानें त्यास जन्म दिला नाहीं. त्याचें तोंड फिरविलें. जें शहर उत्तरेच्या दिल्लीकडे पाहत होतें, तें पश्चिमेकडे मुंबईच्या बंदराकडे, आणि त्याहीपलीकडे लिव्हरपूलकडे पाहूं लागलें. हें कसें घडलें तें आतां पाहूं.

१८५३ सालीं निजामानें हैदराबाद कंटिन्जंट या फौजेच्या खर्चाकरितां वऱ्हाड प्रांत ईस्ट इंडिया कंपनीच्या हवालीं केला. त्याच वर्षीं मुंबईहून ठाण्यापर्यंत हिंदुस्थानांतील पहिली उतारूंची आगगाडी धांवली. या दोन घटनांचा परस्परांशीं संबंध आहे. वऱ्हाडची काळी, ओल धरून ठेवणारी जमीन कापसास किती अनुकूळ आहे, हें मँचेस्टरच्या गिरणीवाल्यांना ठाऊक होतें. तथापि त्या काळीं त्यांना लागणाऱ्या कापसांपैकीं सुमारें चार-पंचमांश कापूस अमेरिकेंतील दक्षिणेकडील संस्थानांतून येत असे. तो तेथें गुलामांच्या श्रमानें पिकत होता. १८६१ सालीं अमेरिकेंत यादवी युद्ध पेटलें. उत्तरेच्या आरमारानें दक्षिणेचीं बंदरें कोंडलीं, आणि लँकेशायरच्या गिरण्यांचे भोंगे एकामागून एक बंद पडूं लागले. मग साऱ्या जगांत कापसाची शोधाशोध सुरू झाली, आणि गिरणीवाल्यांची दृष्टि मुंबईकडे व मुंबईच्या मागें पसरलेल्या गुजराथ, खानदेश व वऱ्हाडकडे वळली.

भाव तिप्पट-चौपट झाले. मुंबईंत लोकांनीं गाद्या-उशा उसवून आंतील कापूस विकला, आणि कोठें कोठें शेतकऱ्यांनीं बैलगाडीच्या चाकांना चांदीच्या धावा बसविल्या, अशा गोष्टी त्या दिवसांविषयीं सांगतात. त्यांत अतिशयोक्ति किती आणि सत्य किती, हा प्रश्न आपण बाजूस ठेवूं. मुंबईस मात्र त्या चार-पांच वर्षांत नेहमींच्या उत्पन्नाहून सात-आठ कोटी पौंड अधिक मिळाले, असा त्या काळच्या जाणत्यांचा अंदाज होता.

या पैशानें मुंबईचा कायापालट केला. सर बार्टल फ्रियर यांच्या कारकीर्दींत किल्ल्याचे तट पाडण्यांत आले आणि शहर मोकळें झालें. समुद्र हटवून जमीन करण्याच्या कंपन्या निघाल्या, बँका निघाल्या, आणि त्यांच्या कागदी भागांवर सट्टा सुरू झाला. गुजराथी जैन प्रेमचंद रायचंद हे त्या सट्ट्याचे सूत्रधार होते. बगदादहून आलेलें ससून घराणें, पारशी शेठ, भाटिये, कच्छी मेमन, इंग्रज दलाल आणि आपले डॉ. भाऊ दाजी यांच्यासारखे विद्वान मराठी गृहस्थ, सारेच त्या लाटेंत उतरले. १८६४ च्या शिरगणतींत मुंबईची लोकसंख्या ८,१६,५६२ भरली. पुढच्याच वर्षीं अमेरिकेंतील युद्ध संपलें. कापसाचा भाव कोसळला. १ जुलै १८६५ हा देण्याघेण्याचा दिवस उजाडला, आणि लक्षाधीश म्हणविणारे एका दिवसांत कंगाल झाले. भाऊ दाजींसारख्यांची आयुष्याची कमाई बुडाली. १८७२ च्या शिरगणतींत मुंबईंत ६,४४,४०५ माणसें उरलीं होतीं. पण इमारती राहिल्या. प्रेमचंदांनीं दिलेल्या देणगींतून त्यांच्या मातोश्रींच्या नांवानें उभारलेला राजाबाई मनोरा १८७८ सालीं पुरा झाला, आणि तो आजही मुंबईच्या आकाशांत उभा आहे. आपण वऱ्हाडकरांनीं तो पाहतांना एवढें स्मरावें कीं, त्याच्या दगडांत आपल्या काळ्या मातीचाही कांहीं अंश आहे.

आतां वऱ्हाडाकडे परत येऊं. येथें एक मोठा दैवदुर्विलास घडला. मुंबईपासूनची आगगाडी अकोला, मूर्तिजापूर, बडनेरा या मार्गानें नागपुरास पोंचली ती १८६७ सालीं. म्हणजे जेव्हां भाव होता तेव्हां गाडी नव्हती, आणि गाडी आली तेव्हां भाव उतरला होता! तेजीच्या ऐन दिवसांत वऱ्हाडचा माल बैलांच्या पाठीवर आणि गाड्यांवर लादून पश्चिमेकडे न्यावा लागे. त्याही पूर्वीं तो गंगाकांठच्या मिर्झापूरपर्यंत जाई. हें दूरचें वाहतुकीचें काम कोण करीत होतें? आपले बंजारे, लमाण. हजारों बैलांचे तांडे घेऊन ते मीठ, धान्य आणि कापूस या टोंकापासून त्या टोंकापर्यंत पोंचवीत. आगगाडीची शिट्टी वाजली आणि त्यांचा पिढीजात धंदा बुडाला. ज्या तांड्यांनीं या प्रांताचा व्यापार आपल्या खांद्यावर वाहिला, त्यांच्यावर पुढें कित्येक प्रांतांत १८७१ च्या गुन्हेगार जमातींच्या कायद्याचें सावट पडलें. तो कायदा स्वतंत्र भारतांत १९५२ सालीं रद्द झाला. वाशीम जिल्ह्यांतील पोहरादेवी येथें संत सेवालाल महाराजांच्या दर्शनास आज लाखों बंजारा भाविक जमतात, तेव्हां त्या गर्दींत आपल्या व्यापाराच्या इतिहासाचें एक विसरलेलें पान आपल्यापुढें उघडें असतें.

भाव उतरला तरी कापूस उतरला नाहीं. वऱ्हाडच्या शेतकऱ्याला रोख पैशाची संवय लागली होती, आणि सरकारचा सारा रोख पैशानेंच द्यावा लागत होता. कापसाचें क्षेत्र वाढत गेलें. खामगांव हा त्या काळीं देशांतील अत्यंत मोठ्या कापूस-बाजारांत गणला जाऊं लागला. तेथील आगगाडीचा फांटा उघडण्यासाठीं १८७० सालीं खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो आले होते. अमरावती, अकोला, अकोट, कारंजा येथें जिन आणि प्रेस उभे राहिले. लिव्हरपूलच्या बाजारांत वऱ्हाडच्या कापसास अमरावतीच्या नांवावरून 'उमरा' हें नांव पडलें. रॅली ही ग्रीक पेढी, व्होल्कार्ट ही स्विस पेढी, आणि पुढें जपानी पेढ्याही वऱ्हाडच्या बाजारांत माल घेऊं लागल्या.

या व्यापाराबरोबर माणसें आलीं. मारवाडांतून माहेश्वरी, ओसवाल आणि अगरवाल आले. त्यांच्या हुंडीची पत मुंबईपासून कलकत्त्यापर्यंत चालत असे. कच्छी आणि गुजराथी जिन चालविण्यासाठीं आले. बोहऱ्यांनीं लोखंडी सामानाचीं दुकानें घातलीं. पारशी आले. उत्तर हिंदुस्थानांतून परदेशी म्हणविणारे हमाल आणि पहारेकरी आले. जिनांत रुई आणि सरकी वेगळी करण्याच्या कामावर भोंवतालच्या खेड्यांतील कुणबी, महार, मुसलमान बाया येऊं लागल्या. बाजाराची भाषाही तशीच मिश्र झाली. शेतकरी वऱ्हाडींत बोले, दलाल हिंदींत उत्तर देई, हिशेब मोडींत किंवा मारवाडी अक्षरांत उतरे, आणि तार इंग्रजींत जाई. आज वऱ्हाडी बोलींत जे उर्दू, हिंदी आणि मारवाडी शब्द सहज मिसळलेले दिसतात, त्यांस निजामाच्या कारभाराइतकाच हा बाजारही कारण आहे.

मीं लहानपणीं हंगामाच्या दिवसांत कापसाच्या गाड्यांची रांग पाहिली आहे. पहांटेपासून बैल रवंथ करीत उभे, गाडीवान कांबळें पांघरून धुऱ्यावर बसलेले, आणि सर्वत्र पांढरा भुसकट उडत असलेला. त्या रांगेंत जात, धर्म, भाषा यांचा भेद कोणी विचारीत नसे. मात्र रांगेच्या एका टोंकाला विकणारा असे आणि दुसऱ्या टोंकाला घेणारा. आणि हा भेद सर्व भेदांहून बळकट होता.

तो कसा, हें सांगण्यासाठीं जुन्या बाजारांतील सौद्याची रीत सांगितली पाहिजे. भाव उघड बोलला जात नसे. दलाल आणि खरेदीदार रुमालाखालीं हात घालून एकमेकांचीं बोटें दाबीत, आणि त्या खुणांनीं सौदा ठरे. या रीतीस हत्ता म्हणत. ज्याचा माल तो शेतकरी शेजारीं उभा असून त्यास आपल्या मालाचा भाव शेवटीं कळे! मग तोलाई, हमाली, अडत, धर्मादाय, आणि ओल व कचरा यांसाठीं कडता, असें एकेक कापून जें उरेल तें त्याच्या पदरीं पडे. वजनमापांचा मेळ नसे. घेण्याचें माप निराळें आणि देण्याचें निराळें. दुसऱ्या बाजूनें कापसांत पाणी मारणें, माती आणि सरकी मिसळणें, हे प्रकारही चालत. ते थांबावे म्हणून मुंबईंत १८६३ सालींच कायदा झाला होता. कपट एका बाजूचें नव्हतें; पण कपटाची किंमत मात्र बहुधा एकाच बाजूस मोजावी लागत असे.

आणि येथें कारंजा शहराचें नांव हिंदुस्थानच्या इतिहासांत येतें. १८८६ सालीं हैदराबादच्या रेसिडेंटाच्या हुकुमान्वयें कारंज्याचा कापूस-बाजार नियंत्रित करण्यांत आला. हिंदुस्थानांतील पहिला नियंत्रित बाजार तो हाच. पुढें १८९७ सालीं वऱ्हाडकरितां कापूस व धान्य-बाजारांचा कायदा झाला. ठराविक जागा, बाजारावर देखरेख करणारी कमिटी आणि तिचे नियम, अशी व्यवस्था त्यानें घालून दिली. १९२८ सालीं शेतकीविषयक रॉयल कमिशननें आपला अहवाल सादर केला, तेव्हां वऱ्हाडच्या याच अनुभवाचा विचार करून सर्व प्रांतांत असे बाजार असावेत अशी शिफारस केली. आज देशभर ज्या कृषि उत्पन्न बाजार समित्या आपण पाहतों, त्यांच्या वंशवृक्षाचें मूळ आपल्या वाशीम जिल्ह्यांत आहे. आपल्यापैकीं कितीजणांस ही गोष्ट ठाऊक आहे बरें?

परंतु श्रोतेहो, या मानाच्या गोष्टींतच तिचें मर्म दडलेलें आहे. हा पहिला बाजार कोणासाठीं निर्माण झाला? शेतकऱ्याची लूट थांबावी, ही इच्छा त्यामागें मुळींच नव्हती असें मी म्हणत नाहीं. तथापि मुख्य हेतु असा होता कीं, मँचेस्टरच्या गिरण्यांना निर्भेळ कापूस रास्त भावांत मिळावा. बाजाराचा कठडा उभारला गेला तो मालाच्या शुद्धतेसाठीं. माल आणणाऱ्याच्या न्यायासाठीं नव्हे. कमिट्यांवर व्यापाऱ्यांचें वर्चस्व राहिलें, आणि शेतकऱ्याचा आवाज तेथें क्षीणच राहिला. मेलबर्नच्या किनाऱ्यावर चिनी मजुरास दहा पौंड मोजावे लागले. कारंज्याच्या बाजारांत कुणब्यास कडता मोजावा लागला. दोन्ही ठिकाणीं सोनें सर्वांचें होतें आणि नियम थोड्यांचे होते.

याचा परिणाम दुष्काळांत दिसला. कापसाचें पीक पुढें पुढें गेलें तशी ज्वारी मागें मागें गेली. नवीन जमीनमहसुलाच्या पद्धतींत जमीन विकतां आणि गहाण ठेवतां येऊं लागली होती. त्यामुळें सावकाराचें कर्ज जमिनीच्या तुकड्यावर चढूं लागलें. १८७५ सालीं पुणें आणि नगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनीं सावकारांच्या वह्या जाळल्या. त्या दंग्यामागें कापसाची तेजी ओसरल्यानंतरची मंदीही एक कारण होती. तेथें रोष बहुतेक मारवाडी आणि गुजर सावकारांवर फुटला. पण सावकारीला जात नसते. ज्याच्याजवळ रोख पैसा होता तो ब्राह्मण असो, पाटील असो कीं मारवाडी, व्याजाचा दर सर्वांचा सारखाच धारदार होता. परकी माणूस डोळ्यांत भरतो, आणि व्यवस्था डोळ्यांना दिसत नाहीं. म्हणून राग माणसावर निघतो. मिश्र वस्तीच्या शहरांनीं हा धडा पुन्हां पुन्हां गिरवावयास हवा.

१८९६-९७ आणि १८९९-१९०० या दोन दुष्काळांनीं वऱ्हाड होरपळून निघालें. १८९१ च्या शिरगणतींत वऱ्हाडांत २८ लक्ष ९७ हजार माणसें होतीं. १९०१ सालीं २७ लक्ष ५४ हजार उरलीं. आगगाडीनें धान्य येऊं शकत होतें, पण तें विकत घेण्यास मजुराच्या गांठीं पैसा नव्हता. जाडेंभरडें कापड विणून पोट भरणारे महार, कोष्टी आणि मोमीन यांच्या मागांना विलायती कापडानें आधींच ग्रासलें होतें. हाताच्या चरकीवर सरकी काढणाऱ्या बायांचें काम जिनानें घेतलें होतें. कापूस वऱ्हाडांतून जाई, आणि त्याचेंच धोतर होऊन महाग भावानें वऱ्हाडांत परत येई. सोन्याच्या देशांत माणसें उपाशीं मेलीं, या वाक्यांत कोणताही अलंकार नाहीं.

अशा काळांतही कारंजा वाढत होतें. १८९५ सालीं तेथें नगरपालिका स्थापन झाली. १९०१ च्या शिरगणतींत त्याची वस्ती साडेसोळा हजारांच्या घरांत होती. त्या वेळच्या बाशीम जिल्ह्याच्या मुख्य गांवाहूनही ती अधिक होती. विसाव्या शतकाच्या आरंभीं किलिक निक्सन या इंग्रज पेढीनें मूर्तिजापूरपासून कारंज्यावरून यवतमाळपर्यंत अरुंद रुळांची आगगाडी बांधली. ती कापसासाठींच होती. लोकांनीं तिला प्रेमानें 'शकुंतला' म्हटलें. मँचेस्टरमध्यें १९२१ सालीं तयार झालेलें तिचें वाफेचें यंत्र १९९४ पर्यंत तिला ओढीत होतें. ज्या मँचेस्टरकडे कापूस गेला, तेथूनच हें यंत्र आलें. आतां ती गाडी थांबली आहे; परंतु ज्या शेतमजुरांना तिच्याहून स्वस्त वाहन नव्हतें त्यांच्या आठवणींतून ती गेलेली नाहीं. दरम्यान कारंजा १९०५ पर्यंत अमरावती जिल्ह्यांत, नंतर अकोला जिल्ह्यांत, आणि १९९८ पासून वाशीम जिल्ह्यांत आलें. सरहद्दी बदलल्या, बाजार जागेवरच राहिला.

स्वराज्य आल्यावर तरी हा हिशेब बदलला काय? कांहीं अंशीं निश्चित बदलला. १९६३ च्या महाराष्ट्राच्या कायद्यानें बाजार समित्यांत शेतकऱ्यांच्या प्रतिनिधींस बहुमत दिलें. १९७१ सालीं राज्यानें कापूस एकाधिकार खरेदीचा कायदा केला, आणि व्यापाऱ्याच्या जागीं सरकार स्वतः उभें राहिलें. त्या वेळीं मुख्यमंत्रिपदावर वसंतराव नाईक होते. पुसदजवळच्या गहुली तांड्यावर जन्मलेले, बंजारा समाजाचे पुत्र. ज्यांच्या वाडवडिलांनीं बैलांच्या पाठीवर व्यापाराचा माल वाहिला, त्या समाजाचा एक माणूस कापसाच्या साऱ्या व्यापाराचा नियंता व्हावा, यांत इतिहासाचा कांहीं न्याय खास होता. पण ती योजनाही तोट्यांत रुतली आणि तीस वर्षांनीं ओसरली. २००६ सालीं शेतकऱ्यांच्या आत्महत्यांनीं ग्रासलेल्या विदर्भांतील सहा जिल्ह्यांसाठीं पंतप्रधानांनीं मदतीची योजना जाहीर केली, तेव्हां त्या सहांत वाशीमचें नांव होतें. ज्या जिल्ह्यांत देशांतील पहिला नियंत्रित बाजार भरला, त्याच जिल्ह्याचें नांव त्या यादींत यावें, याहून कटु गोष्ट कोणती?

आज वाशीम जिल्ह्यांत कापसाहून सोयाबीन पुष्कळ अधिक पेरलें जातें. सोनें पुन्हां पिवळें झालें, एवढाच काय तो फरक! त्याचाही भाव दूरच्या बाजारांकडे पाहूनच चढतो आणि उतरतो. कारंज्यावरून आतां समृद्धि महामार्ग गेला आहे, आणि नागपूर-मुंबई हें अंतर कांहीं तासांचें झालें आहे. रस्ता जलद झाला म्हणजे माल जलद जातो. पण मालाबरोबर न्यायही जलद परत येतो असें नाहीं.

मग या सर्व इतिहासांत कारंज्याची खरी कमाई कोणती? माझ्या मतें ती दोन प्रकारची आहे. पहिली कमाई म्हणजे तेथील माणसें. सोन्याच्या मागें आलेले बहुतेक लोक सोनें घेऊन निघून जातात. येथें आलेले पुष्कळसे राहिले. त्यांच्या मुलांनीं मराठी आपली केली, वऱ्हाडीनें त्यांचे शब्द आपले केले. जैन मंदिर, गुरुमंदिर, दर्गा आणि तांडा हे येथें परस्परांना परके वाटत नाहींत. हें कोणत्याही कायद्यानें घडविलेलें नाहीं. एका बाजारांत पिढ्यान् पिढ्या समोरासमोर उभे राहिल्यानें तें घडलें आहे. दुसरी कमाई म्हणजे ती १८८६ ची कल्पना: भाव रुमालाखालीं नव्हे, उघड्यावर ठरावा. ती परक्या सरकारनें आपल्या सोयीसाठीं आणली खरी; पण चांगली कल्पना कोणाच्याही हेतूनें जन्मली तरी ती शेवटीं ज्यांना तिची गरज असते त्यांचीच होते.

ती अद्याप पुरती आपली झालेली नाहीं. माल आणणाऱ्याला आपल्या मालाचा भाव शेवटीं नव्हे, सर्वांच्या आधीं कळावा; तो भाव ठरविण्यांत त्याचा शब्द असावा; आणि त्याच्यासमोर उभा असलेला व्यापारी कोणत्याही जातीचा, भाषेचा असला तरी तो त्याचा शेजारीच राहावा. या तीन गोष्टी ज्या दिवशीं एकत्र येतील, त्या दिवशीं कारंज्याच्या त्या पहिल्या बाजाराचें काम पुरें झालें असें म्हणतां येईल. तोंवर, आपल्या अंगावरील सदऱ्याचें सूत हातीं घेऊन पाहतांना, तें कोणाच्या शेतांतून आलें आणि त्याला त्याचें काय मिळालें, एवढा विचार आपण प्रत्येकानें केला, तरी आजचें माझें हें भाषण सार्थकीं लागलें असें मी मानीन.